डेनालीवरून उतरताना

नाओमी उएमुरा हा जपानी माणूस १९८४ च्या फेब्रुवारीत ज्या वाटेने अलास्कातलं डेनाली शिखर एकट्याने चढला आणि उतरताना नाहीसा झाला, ती वेस्ट बट्रेसची वाट आज डेनालीवरची सगळ्यात वर्दळीची वाट आहे. मे-जूनमध्ये शेकडो लोक तिथून चढतात. आम्हीही त्याच मोसमात, त्याच गर्दीत होतो. तरी सबंध मोहिमेत माझ्या मनात शिखराइतकाच तो होता, आणि हे लिहितोय ते त्याच्यामुळेच. त्याचं नेमकं काय झालं हे मला उमगलं असं अजिबात नाही. पण डोंगरावर आपण ज्या ज्या गोष्टींवर भार टाकतो, त्यातली एकेक काढून घेतली तर माणसाकडे काय उरतं, हे त्या वाटेवर पाय घासल्याशिवाय मला कळलं नसतं.

आपल्याकडे गिर्यारोहणाच्या गप्पांत तेनझिंग, हिलरी, मेसनर ही नावं सहज येतात. उएमुराचं फारसं निघत नाही, म्हणून आधी त्याच्याबद्दल. १२ फेब्रुवारी १९४१ ला जपानच्या ह्योगो प्रांतात एका शेतकऱ्याच्या घरी त्याचा जन्म झाला. मेइजी विद्यापीठाच्या गिर्यारोहण क्लबात तो डोंगर शिकला. १९६४ मध्ये जेमतेम पैसे घेऊन बोटीने अमेरिकेला गेला, कॅलिफोर्नियात शेतमजुरी केली, मग आल्प्सच्या ओढीने युरोप गाठला. ११ मे १९७० ला तेरुओ मात्सुउरा यांच्यासोबत तो एव्हरेस्टवर पोचला. एव्हरेस्टवर पाऊल ठेवणारे ते दोघे पहिले जपानी. माँ ब्लाँ, किलिमांजारो, अकोन्काग्वा ही शिखरं त्याआधीच झालेली होती. त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये त्याने डेनाली एकट्याने चढलं. तोवर हे कुणीच केलं नव्हतं. याच सुमाराच्या वर्षांत अमेझॉनमधून तराफ्यावर एकट्याने केलेला प्रवास आहे, जपानची लांबी पायी तुडवलेली आहे.

पण माझ्या मते त्याची खरी तयारी झाली ती ग्रीनलंडमध्ये. वायव्य किनाऱ्यावरच्या सिओरापालुक या इवल्याशा वस्तीत तो इनुइट लोकांमध्ये राहिला. एका वयस्कर जोडप्याने त्याला मुलगा मानलं. कुत्र्यांच्या गाडीवर बसायचं कसं, कच्चं मांस पचवायचं कसं, वाऱ्यात तोंड कसं वळवायचं, हे सगळं तो त्यांच्याकडून शिकला. कुणावर छाप पाडायला गेलेला माणूस असं शिकत नाही. त्यानंतर १९७४ ते १९७६ या काळात ग्रीनलंडपासून अलास्कापर्यंत सुमारे १२,००० किलोमीटरचा प्रवास कुत्र्यांच्या गाडीने, आणि १९७८ च्या मार्च-एप्रिलमध्ये उत्तर ध्रुव. एकट्याने तिथे पोचलेला तो पहिला माणूस. त्या प्रवासाच्या सुरुवातीलाच एक ध्रुवीय अस्वल तंबूत शिरलं, खायचं सामान फस्त केलं आणि स्लीपिंग बॅगमध्ये श्वास रोखून पडलेल्या उएमुराला नाकाने ढोसून गेलं. दुसऱ्या दिवशी ते परत आलं तेव्हा त्याने त्याला गोळी घातली.

त्याला अंटार्क्टिका एकट्याने पार करायचं होतं. अर्जेंटिनाच्या सैन्याने मदत कबूल केली होती आणि त्यांच्या तळावर तो वाट पाहत राहिला. १९८२ मध्ये अर्जेंटिना आणि ब्रिटनमध्ये फॉकलंडचं युद्ध झालं आणि मदत बारगळली. दोन वर्षांनी तो ऐन हिवाळ्यात डेनालीच्या पायथ्याशी होता. तेव्हा नकाशावर त्या शिखराचं नाव माउंट मॅकिन्ली होतं.

आता आमची वाट.

डेनालीला जायचं तर नावनोंदणी निदान दोन महिने आधी करावी लागते. टल्कीटना नावाच्या छोट्या गावात रेंजर स्टेशन आहे. तिथे रेंजर तुम्हाला समोर बसवून वाटेचे फोटो दाखवतात, कुठे कोण पडलं ते सांगतात, स्टोव्ह कुठला आहे विचारतात आणि शौचासाठी झाकणाचे हिरवे डबे हातात देतात. डोंगरावर वाटेल तिथे काही टाकायचं नाही, भरून खाली आणायचं. मला ही शिस्त फार आवडली. आपल्याकडच्या किल्ल्यांची शनिवार-रविवारी काय दशा होते ते पाहिलेल्या कुणालाही आवडेल.

हिमालयात मोहीम केलेल्यांना इथे पहिला धक्का वजनाचा बसतो. शेर्पा नाही, पोर्टर नाही, खेचर नाही. स्कीवर उतरणारं छोटं विमान तुम्हाला ७,२०० फुटांवर काहिल्टना हिमनदीत सोडतं आणि जातं. तिथून शिखर १३,००० फूट वर. एव्हरेस्टच्या नेपाळकडच्या बेस कॅम्पपासून शिखरापर्यंतही इतकी चढण नाही. प्रत्येकाच्या वाट्याला पन्नास-साठ किलो सामान येतं, निम्मं पाठीवर आणि निम्मं मागे ओढायच्या प्लास्टिकच्या स्लेजवर. खालच्या टप्प्यात आम्ही रात्री चालायचो, कारण दिवसा उन्हाने बर्फ मऊ पडतो. जूनमध्ये तिथे रात्र म्हणजे लांबलेली संध्याकाळच. टॉर्च सॅकच्या तळाशीच राहिली.

आणि सगळे रोपमध्ये. हिमनदीतल्या भेगांना आम्ही सगळेच क्रिव्हास म्हणतो. त्या उघड्या असतात तोवर भीती नाही. बर्फाचा पातळ पूल वर धरलेला असतो, तेव्हा खाली काय आहे ते कळत नाही. दहा-बारा मीटर अंतरावर एकेक जण, मध्ये ताणलेला रोप, रोपला बांधलेल्या गाठी. स्लेजही प्रूसिक गाठीने, म्हणजे ताण आला की आवळणाऱ्या गाठीने, मागच्या रोपला जखडायची, म्हणजे आपण खाली गेलो तर ती डोक्यावर येऊन आदळत नाही. स्की हिल नावाच्या चढाच्या वर आमच्यातल्या पुढच्या माणसाचा पाय कमरेपर्यंत गेला. आवाज काहीच झाला नाही. रोप एकदम ताठ झाला, मी आपोआप खाली बसून टाचा रोवल्या, आणि मागून दादाचा, म्हणजे आमच्या लीडरचा आवाज आला, "हलू नको, मी धरलंय." पुढचा माणूस कोपरांवर रेलून, लोळत बाहेर आला. सगळं अर्ध्या मिनिटात संपलं. मग आम्ही त्या भोकातून आत पाहिलं. निळा रंग खाली खाली काळा होत गेला होता आणि तळ दिसत नव्हता.

उएमुराच्या मागे "मी धरलंय" म्हणणारं कुणी नव्हतं. त्याने त्यावर उपाय केला होता तो बांबूचा. लांब बांबू कावडीसारखे खांद्यावर आडवे बांधायचे. पूल फुटून खाली गेलोच तर बांबू भेगेच्या दोन्ही काठांवर अडकतील आणि आपण लोंबकळत राहू, मग स्वतःला वर ओढून घ्यायचं. आल्प्समध्ये तरुणपणी, माँ ब्लाँच्या पहिल्याच प्रयत्नात, तो क्रिव्हासमध्ये पडला होता आणि थोडक्यात वाचला होता. ते तो विसरला नव्हता. असा बांबू अंगावर घेऊन कित्येक मैल हिमनदीत एकट्याने चालायचं, भेगांत पडायचं आणि परत वर यायचं. त्याच्या डायरीत अशा पडण्याच्या नोंदी आहेत. लोक त्याला वेडं धाडस म्हणतात, ते मला पटत नाही. हा माणूस कुठला धोका कशाने भरून काढायचा याचा हिशेब करत होता.

११,००० फुटांच्या कॅम्पच्या वर चढ उभा होतो. इथून आम्ही सामान दोन खेपांत नेलं. वर जायचं, बर्फात खोल खड्डा खणून अन्न आणि इंधन पुरायचं, वर बांबूची बारीक काठी रोवायची आणि झोपायला खाली यायचं. खड्डा उथळ राहिला तर डोमकावळे उकरतात. रोज संध्याकाळी ठरल्या वेळी बेस कॅम्पवरून रेडिओवर हवामानाचा अंदाज वाचतात. डोंगरावरचे सगळे तंबू तेव्हा गप्प होतात. दुसऱ्या दिवशी विंडी कॉर्नर हे वाऱ्याचं वळण ओलांडायचं की नाही ते त्या दोन मिनिटांत ठरतं.

विंडी कॉर्नर ओलांडून १४,२०० फुटांच्या पठारावर आलो की वाटतं, आता गाव लागलं. रेंजरांचा तंबू, वैद्यकीय मदत, वेगवेगळ्या देशांच्या टीम, करवतीने कापलेल्या बर्फाच्या विटांच्या भिंती. आम्हीही भिंत बांधली. एक जण करवतीने चौकोन कापतो, दुसरा फावड्याने सोडवतो, तिसरा रचतो, आणि फटी भुसभुशीत बर्फाने लिंपायच्या. दुपार त्यात जाते. मग स्टोव्ह. बर्फ वितळवून सगळ्यांच्या बाटल्या भरेपर्यंत तासन्‌तास जातात, आणि तोवर पुन्हा तहान लागलेली असते.

याच पठारावर उएमुराची बर्फातली गुहा सापडली होती. वजन कमी करायला त्याने तंबू आणलाच नव्हता. रोज मुक्कामाला बर्फात बीळ खणायचं आणि त्यात झोपायचं. इंधन वाचवायला अन्न बहुतेक थंडच खायचं, कॅरिबू हरणाचं गोठलेलं मांस. सगळं मिळून पाठीवर अठरा किलोच्या आसपास. वर जाताना त्याने इथे काही सामान आणि डायरी ठेवली. तिच्यातली शेवटची नोंद अशी की, उबदार स्लीपिंग बॅगमध्ये झोपायला मिळावं असं वाटतं. पण काही झालं तरी मॅकिन्ली चढणारच.

हे वाक्य मी घरी कितीदा वाचलं होतं. त्यातला दुसरा भाग सगळे सांगतात, जिद्दीचं उदाहरण म्हणून. मला तिथे, तंबूत, दोन थरांच्या, पिसं भरलेल्या बॅगेत पडल्यावर पहिला भाग अंगावर आला. आमच्याकडे जून होता. सूर्य भिंतीआड गेला की तापमान झपकन उणे वीसच्या खाली जायचं आणि पाण्याची बाटली कुशीत घेऊन झोपावं लागायचं. त्याच्या वेळी फेब्रुवारी होता, उणे चाळीस, आणि दिवसाचा उजेड आठ-नऊ तासांचा. डेनाली ६३ अंश उत्तरेला आहे. विषुववृत्तापासून जितकं दूर जावं तितका हवेचा दाब त्याच उंचीला कमी भरतो, हिवाळ्यात तर आणखी कमी. म्हणजे थंडीच्या जोडीला हवाही जास्त विरळ. १९६७ मध्ये डेनालीची हिवाळ्यातली पहिली चढाई झाली, तेव्हा शिखरावरून उतरणारे तिघे डेनाली पासजवळ वादळात दिवसेंदिवस बर्फात अडकून पडले होते. ते तिघे होते. एकमेकांना हाक मारू शकत होते.

१४,२०० च्या वर हेडवॉल, म्हणजे बर्फाची उभी भिंत आहे. तिच्यावर फिक्स्ड रोप, म्हणजे आधीच बांधून ठेवलेले दोर असतात, त्यांत जुमार ही फक्त वर सरकणारी पकड अडकवायची आणि चढायचं. दमवणारं काम, पण सांगण्यासारखं काही नाही. १६,२०० फुटांवर आपण धारेवर येतो. वेस्ट बट्रेसची ही धार मला सगळ्या वाटेत सुंदर वाटली, आणि सगळ्यात धास्तीची. काही ठिकाणी जेमतेम एक पाऊल रुंद, उत्तरेकडे खाली पीटर्स हिमनदी. तिथे वारा उठला तर लपायला जागा नाही. तिच्या शेवटी १७,२०० फुटांचा कॅम्प.

शिखराबद्दल फार लिहिणार नाही. हवा चांगली मिळाली, आम्ही पोचलो, फोटो काढले, दादाने घड्याळ दाखवलं आणि आम्ही वळलो. १९१३ मध्ये या माथ्यावर पहिलं पाऊल ठेवलं ते वॉल्टर हार्पर या अलास्काच्याच भूमिपुत्राने, एवढं मात्र तिथे आठवलं.

लिहायचं आहे ते उतरण्याबद्दल.

१८,२०० फुटांवर डेनाली पास. तिथून १७,२०० च्या कॅम्पपर्यंत एक लांब तिरकी चाल आहे, तिला ऑटोबान म्हणतात. दिसायला साधा उतार. चढताना तर मला कंटाळवाणा वाटला होता. या डोंगरावर सर्वाधिक जीव घेणाऱ्या जागांत तो मोडतो आणि बहुतेक जण पडतात ते उतरताना. परतताना उजेड तिरपा झाला होता आणि बर्फाला काचेसारखा कडकपणा आला होता. बुटांखाली बांधलेल्या क्रॅम्पॉनचे दात आत जातच नव्हते. प्रत्येक पाऊल आपटून टाकावं लागत होतं आणि पोटऱ्यांत आपटायला जोर उरलेला नव्हता. बर्फात ठोकलेल्या प्रत्येक पिकेटपाशी, म्हणजे धातूच्या खुंटीपाशी थांबायचं, जाड मोज्यातल्या बोटांनी रोप अडकवलेली कडी, म्हणजे कॅराबिनर उघडायचा, रोप पुढच्या बाजूला घ्यायचा, "झालं!" म्हणून ओरडायचं. एका पिकेटपाशी कॅराबिनर गोठला होता. मी तोंडाने वाफ सोडली, मुठीने ठोकलं, उघडेना. मागून दादा म्हणाला, "घाई नाही रे. तू उभा आहेस ना नीट? मग बास." तो माझ्यापाशी आला, स्वतःच्या कमरेच्या पट्ट्याचा, हार्नेसचा, दुसरा कॅराबिनर काढून त्याने तिथे लावला. आम्ही पुढे निघालो.

उएमुरा १२ फेब्रुवारीला, संध्याकाळी ६ वाजून ५० मिनिटांनी शिखरावर होता. त्या दिवशी तो ४३ वर्षांचा झाला. फेब्रुवारीत त्या वेळेला उजेड जवळपास संपलेला असतो. दुसऱ्या दिवशी वरून घिरट्या घालणाऱ्या विमानातल्या जपानी छायाचित्रकारांशी तो रेडिओवर बोलला. शिखर झालं, १८,००० फुटांपर्यंत उतरलोय, दोन दिवसांत बेस कॅम्पला पोचेन. म्हणजे तो या पासच्या आसपास होता आणि पुढ्यात हाच उतार होता. त्यानंतर त्याचा आवाज कुणी ऐकला नाही.

पुढे वारा आणि ढग. मधल्या एका उघडिपीत १६,६०० फुटांच्या सुमाराला तो विमानातून दिसल्याचं सांगितलं गेलं. मग पुन्हा हवा बिघडली. २० तारखेला आभाळ निवळलं तेव्हा डोंगरावर कुठेच काही हालचाल नव्हती. दोन अनुभवी गिर्यारोहकांना १४,००० फुटांच्या वर उतरवण्यात आलं. त्यांना गुहा सापडली, डायरी सापडली, माणूस नाही. २६ फेब्रुवारीला ते थांबले. नंतर जपानहून आलेल्या गिर्यारोहकांना १७,२०० फुटांवर त्याचं बरंचसं सामान मिळालं. शिखरावर त्याने लावलेला जपानचा झेंडाही मागाहून चढलेल्यांना दिसला. मृतदेह आजपर्यंत मिळालेला नाही.

१६,६०० ला तो दिसणं आणि १७,२०० ला सामान मिळणं, या दोन खुणा एकमेकींशी जुळत नाहीत, आणि मला राहून राहून तेच डाचतं. तो १६,६०० ला खरंच होता, तर ऑटोबान त्याने पार केला होता, १७,२०० चा मुक्कामही मागे टाकला होता. मग सामान तिथे का राहिलं? हलकं होऊन लवकर उतरावं म्हणून सोडलं? तसं असेल तर तो धारेवरून किंवा हेडवॉलवर गेला असावा. आणि विमानातून दिसलेला तो नसेलच, तर सामानापर्यंत तो पोचलाच नाही, म्हणजे ऑटोबानवरच घात झाला. त्या उतारावरून स्वतः आल्यावर माझा कौल या दुसऱ्या बाजूला आहे. थकलेला माणूस, काचेसारखा बर्फ, उणे पंचेचाळीसच्या घरातलं तापमान, वारा, आणि कॅराबिनर गोठला तर मागून येणारं कुणी नाही. बांबूने क्रिव्हासचा प्रश्न सोडवला होता. वाऱ्याने उतारावरून उचलून फेकण्यावर बांबूचा उपयोग नाही.

आणखी एक गोष्ट मनाला लागते. शोधासाठी माणसं लवकर पाठवावीत की नाही, यावर तेव्हा बरेच जण घुटमळले. उएमुरा आहे, ध्रुवावर एकटा जाऊन आलेला माणूस आहे, येईल उतरून, आपण घाई केली तर त्याचा अपमान होईल, असा विचार होता. नावाचा दबदबा इतका की मदतीला जायलाच लोकांना संकोच वाटला. मदत आधी पोचली असती तरी त्या वाऱ्यात काय झालं असतं हे सांगता येत नाही. पण आपल्याकडेही "तो काय, पक्का आहे, येईल" असं म्हणून उशिरा रात्रीपर्यंत कुणी शोधायला निघत नाही, हे मी सह्याद्रीत पाहिलं आहे. पक्क्या माणसाचाही पाय घसरतो.

बेस कॅम्पला परत आलो तेव्हा विमान यायला वेळ होता. आम्ही स्लेजवर बसून उरलेलं सुकं खात होतो. टीममधल्या सगळ्यात लहान मुलाने विचारलं, "दादा, मग हिवाळ्यात एकट्याने करून जिवंत उतरलंय का कुणी?"

"उतरलाय ना," दादा म्हणाला. "व्हर्न तेहास. १९८८ च्या मार्चमध्ये. अलास्कातला गाइड. उएमुराने बांबू नेले होते ना, तशी त्याने अ‍ॅल्युमिनियमची शिडी नेली, अंगाभोवती बांधून. त्याच वाटेने गेला, त्याच वाटेने खाली आला."